वीतभर जास्त

स्वेटरच्या बाहीची शिवण उसवायला मास्तरीणबाईंनी कात्री घेतली, तेव्हा मास्तर समोरच बसले होते, पण नजर खिडकीबाहेर लावून. कात्रीचा आवाज थांबला तसं त्यांनी विचारलं, "झालं?"

"झालं कसलं? आत्ता तर टोक सापडलंय. हात पुढं करा."

मास्तरांनी दोन्ही हात पुढं केले. मास्तरीणबाई धागा ओढू लागल्या आणि बाही खालून वर संपत जाऊ लागली. धागा मास्तरांच्या हातांभोवती फिरून त्याची लड होऊ लागली. राखी रंगाची लोकर, इतक्या वर्षांच्या वळणानं नागमोडी झालेली. मुलगा कॉलेजात गेला त्या वर्षी मास्तरीणबाईंनी तो स्वेटर विणला होता. नंतर त्याला पगार सुरू झाला, लग्न झालं, दुकानातले चार चांगले स्वेटर कपाटात आले, पण थंडी पडली की तो हाच अंगात चढवायचा. गेल्या हिवाळ्यात तीन दिवसांच्या तापाचं निमित्त झालं आणि तो गेला. ठकीचा जन्म त्यानंतरचा.

ठकी हे काही तिचं खरं नाव नव्हे, पण आजीनं पहिल्याच दिवशी हाक मारली आणि तेच चिकटलं. आता ती कुशीवर वळायला लागली होती. आणि महिनाअखेरीस तिची आई तिला घेऊन चालली होती. सूनबाईला दूरच्या शहरात, तिच्या माहेराजवळ, एका इस्पितळाच्या प्रयोगशाळेत काम मिळालं होतं. भांडण नव्हतं, रुसवा नव्हता. "बाबा, मी इथं राहिले तर तुमच्याकडे बघून रडणार, आणि तुम्ही माझ्याकडे बघून," एवढंच ती म्हणाली होती. ते खरंच होतं.

मास्तरीणबाई तो गेल्यापासून घरात वावरत होत्या, स्वयंपाक करत होत्या, ठकीला न्हाऊ घालत होत्या, पण स्वतःहून काही मागत नव्हत्या. काय आणू विचारलं तर "काही नको." कुठं जाऊ या विचारलं तर "तुम्ही जा." सूनबाईचं जायचं ठरलं त्या दिवशी मात्र त्या कपाटातून तो स्वेटर घेऊन आल्या आणि म्हणाल्या, "याचं पांघरूण विणते ठकीला. बापाचं काहीतरी अंगावर असू दे पोरीच्या. पण रुंदी तुम्ही सांगायची."

"मी? मला विणकामातलं काय कळतंय?"

"विणकामातलं नका सांगू, गणितातलं सांगा. जन्मभर पोरांना ताप दिलात ना?"

कितीतरी महिन्यांनी बायकोनं टोमणा मारला होता. मास्तरांना इतकं बरं वाटलं की पुढचं नीट ऐकूच आलं नाही. मग त्यांनी पुन्हा समजावून घेतलं. विणकामात रुंदी आधी ठरते. पहिल्या ओळीला जेवढे टाके सुईवर घातले तेवढी रुंदी, मग ती बदलत नाही. लांबी मात्र लोकर देईल तेवढी. रुंदी जास्त धरली तर पांघरूण आखूड पडतं, कमी धरली तर लांबलचक पट्टा होतो. नवी लोकर असती तर दोन गुंडे जास्तीचे आणून ठेवता आले असते. ही लोकर जगात एवढीच होती.

"आकार कसा हवा?" मास्तरांनी विचारलं.

"रुंदीपेक्षा लांबी वीतभर जास्त. दुहेरी घडी घालून पायाखाली खोचता यायला हवं. लाथा झाडते ती."

मास्तर शाळेत गणित शिकवत. पोरांनी त्यांचं नाव 'अंदाजे' ठेवलं होतं, कारण कुठलंही उदाहरण फळ्यावर लिहिलं की ते खडू खाली ठेवून विचारायचे, "आधी सांगा, अंदाजे किती येईल?" उत्तर मोठं की लहान, शंभराच्या आत की बाहेर, एवढं कळल्याशिवाय आकडेमोडीला हात लावू द्यायचे नाहीत. निवृत्त होऊन जमाना झाला. तरी कपाटातल्या पुस्तकांच्या रांगेपुढं उभं राहिलं की त्यांचं मन आपोआप मोजायला लागायचं.

बाह्यांची लोकर आधी उसवली, आधी धुतली आणि चांगल्या कडकडीत उन्हात वाळली. तिच्यातून मास्तरीणबाईंनी नमुना विणला, चार इंच बाय चार इंच. मग अंगाची लोकर उसवून धुतली. ती दोरीवर टाकली आणि आभाळ भरून आलं. पाऊस काही पडला नाही, पण ऊनही नाही. तिसऱ्या दिवशी दुपारी मास्तरांनी लडींना हात लावून पाहिला. कोरड्या लागल्या. मास्तरीणबाई आत ठकीला झोपवत होत्या. त्या बाहेर येईपर्यंत रुंदी तयार ठेवू, म्हणून मास्तरांनी त्या लडी, बाह्यांची लोकर आणि नमुना असं सगळं पिशवीत भरलं आणि कोपऱ्यावरच्या वाण्याकडे निघाले. लगबगीनं. चप्पल उलटसुलट घातली आहे हे त्यांना दुकानात पोहोचल्यावर कळलं.

"या मास्तर. साखर द्यायची की लोकर घ्यायची?" वाणी म्हणाला.

"वजन करायचंय फक्त."

"करा की. काटा तुमचाच आहे, फक्त ठेवलाय माझ्याकडे."

नमुना भरला सहा ग्रॅम. सगळी लोकर साडेचारशे. मास्तरांनी वाण्याकडून पुडीचा एक कागद मागून घेतला, पण लिहावं लागलंच नाही. साडेचारशेत सहा पंचाहत्तर वेळा. म्हणजे पंचाहत्तर नमुने, प्रत्येकी सोळा चौरस इंचांचे. बाराशे चौरस इंच. क्षेत्रफळ सापडलं. आता बाजू.

वाटेत ते आकडे मनाशी घोळवत चालले. वीत म्हणजे नऊ इंच धरू. रुंदी पंचवीस घेतली तर लांबी चौतीस. झाले साडेआठशे, बरीच लोकर उरली. रुंदी पस्तीस, लांबी चव्वेचाळीस. पंधराशेच्या वर गेलं, लोकर कुठून आणणार? म्हणजे मधे. तीस आणि एकोणचाळीस: अकराशे सत्तर. एकतीस आणि चाळीस: बाराशे चाळीस, ओलांडलं. तीसच. वर तीस चौरस इंच उरतात, त्यात आणखी इंचभर लांबी. म्हणजे तीस आणि चाळीस. किती स्वच्छ उत्तर! भर रस्त्यात मास्तरांच्या चेहऱ्यावर हसू आलं, आणि आपण हसलो हे लक्षात येताच ओशाळून त्यांनी इकडंतिकडं पाहिलं.

"तीस इंच," दारातूनच त्यांनी सांगितलं.

"नक्की ना?"

"नक्की."

मास्तरीणबाईंनी टाके घातले.

त्यानंतरचे काही दिवस घराला जरा घरपण आलं. मास्तरीणबाई खिडकीशी बसून विणायच्या, ठकी खाली सतरंजीवर पालथी पडून गुंडा पकडायला बघायची, आणि सूनबाई सामान बांधता बांधता थांबून म्हणायची, "आई, किती झालं?" मास्तरीणबाई विणकाम वर धरून दाखवायच्या. एकदा सूनबाईनं ते गालाला लावलं आणि तशीच उभी राहिली. मग आत निघून गेली.

मास्तर रोज पट्टी लावून मोजायचे. अठरा इंच झाले त्या दिवशी त्यांना गुंड्याकडे बघून चैन पडेना. अठरा झाले म्हणजे अजून निम्मं व्हायचंय, थोडं वरच. आणि गुंडा तर ठकीच्या डोक्याएवढा उरला होता. अंदाज त्यांना खोटं सांगत नसे. मास्तरीणबाई जेवून आडव्या झाल्या तसा त्यांनी धागा हळूच सैल केला, सुया आणि विणलेलं सगळं गुंड्यासकट पिशवीत घातलं आणि वाण्याच्या दुकानात जाऊन विणकाम एका हातात उचलून धरत नुसता गुंडा काट्यावर ठेवला.

उरायला हवी होती अडीचशेच्या आसपास. भरली एकशे अठ्ठ्याऐंशी.

"पुन्हा करून बघा," मास्तर म्हणाले.

वाण्यानं पुन्हा केलं. "मास्तर, माझ्या काट्यावर संशय घेऊ नका हो. घ्यायचाच तर गुंडा खाणाऱ्यावर घ्या. मांजर आहे का घरात?"

मास्तर हसले नाहीत. परतताना एका गॅलरीत कुणी तरी वाळत घातलेले कपडे चिमटीत धरून बघत होतं, वाळले की नाही. मास्तर तिथंच थांबले. साठ ग्रॅम मांजरानं खाल्ले नव्हते. साठ ग्रॅम पाणी होतं. वरून कोरडी लागणारी लोकर आत ओल धरून बसली होती आणि त्यांनी ती ओल मोजली. नमुना वाळलेला, लोकर दमट. शाळेत पोरानं अशी चूक केली असती तर त्यांनी त्याला बाकावर उभा केला असता.

उभ्या उभ्याच त्यांनी हिशेब पुन्हा मांडला. खरी लोकर तीनशे नव्वद. पासष्ट नमुने. एक हजार चाळीस. अठ्ठावीस रुंदी, सदतीस लांबी: एक हजार छत्तीस. तीसऐवजी अठ्ठावीस सांगितलं असतं तर सगळं जमलं असतं. दोन इंच चुकलं. आणि त्या दोन इंचांपायी लांबी यायची जेमतेम साडेचौतीस. वीतभर म्हणून मागितलेली लांबी अर्धीच वीत जास्त होणार.

घरी मास्तरीणबाई उठून बसल्या होत्या. रिकाम्या मांडीकडे बघत.

"कुठं नेलंत?"

मास्तरांनी पिशवी त्यांच्यापुढं ठेवली आणि सगळं सांगितलं. दोरीवरून आपणच काढली, तुला विचारलं नाही, दमट होती, हे सगळं. सांगताना त्यांचा आवाज शाळेतल्यासारखा एकसुरी झाला. शेवटी म्हणाले, "अजून वेळ आहे. उसवून अठ्ठावीसवर घातलं तर नीट होईल. मी हात धरतो."

मास्तरीणबाईंनी विणकाम जवळ ओढलं.

"एकदा उसवला मी त्याला," त्या म्हणाल्या. "आता पुन्हा नाही उसवणार."

"अगं, पण आखूड होईल."

"होऊ दे."

"मी बाजारात बघतो. अशाच रंगाची मिळाली तर..."

"दुसरी लोकर नको. त्याचं आहे ते त्याचंच राहू दे." मग त्यांनी विचारलं, "घाई कसली झाली होती हो तुम्हाला?"

तू काहीतरी मागितलंस त्याची, असं मास्तरांच्या अगदी ओठावर आलं होतं. पण असलं काही बोलायची सवय नव्हती. ते चष्मा पुसत बसले.

त्यानंतर मास्तरीणबाईंचं विणणं बदललं. टाके सैल पडायला लागले. तेवढ्याच लोकरीत अर्धा इंच जास्त निघावा म्हणून त्या धागा जपून, हलका धरत होत्या. मास्तरांना ते दिसत होतं. पट्टी त्यांनी कपाटात टाकून दिली होती.

जायच्या दिवशी सकाळी सूनबाईच्या बॅगा दाराशी आल्या. गाडी यायची होती. मास्तरीणबाई अजून खिडकीशीच. एकच ओळ, अजून एकच ओळ, असं करत त्या विणत राहिल्या होत्या, आणि आता सुईवर सगळे टाके तसेच आणि हातात हातभर धागा उरला होता. त्या थांबल्या. टोकाकडे बघत राहिल्या.

"काय झालं?" मास्तरांनी विचारलं.

"बंद करायला पुरायचा नाही. टाके बंद करायला रुंदीच्या तिप्पट-चौपट धागा लागतो. मला ठाऊक आहे हो, ठाऊक नसायला काय झालं? पण हात थांबेना."

बंद न करता सुई काढली तर टाके सुटत खालपर्यंत जाणार, हे मास्तरांनाही कळत होतं. ठेवायचं असेल तर शेवटच्या दोन ओळी उसवायला हव्या होत्या. सूनबाई ठकीला कडेवर घेऊन दारात उभी होती. तिनंही ऐकलं.

"तुम्ही ओढा," मास्तरीणबाई म्हणाल्या. "माझ्याच्यानं होणार नाही."

त्यांनी सुई बाहेर काढली आणि तोंड फिरवलं. मास्तर खाली बसले. धागा बोटांत धरून त्यांनी हळूच ओढला. टाका सुटला. मग दुसरा. काही आवाज होत नव्हता, नुसतं बोटाला एकेक टाका सुटल्याचं कळत होतं, जसं झोपलेल्या माणसाच्या हातातून आपली बोटं एकेक करून सोडवून घ्यावीत. मुलगा गेला तेव्हा इस्पितळात लोक होते, सह्या करायच्या होत्या, सूनबाईला सावरायचं होतं. मास्तरांनी सगळं नीट केलं होतं. आता दुसरी ओळ निम्मी सुटली आणि त्यांना पुढचं दिसेना.

"बाबा," सूनबाई म्हणाली. ठकीला तिनं त्यांच्याशेजारी सतरंजीवर ठेवलं आणि उरलेली ओळ स्वतः ओढली.

मास्तरीणबाईंनी मोकळे टाके पुन्हा सुईवर घेतले आणि एकेक करून बंद केले. लांबीत दुमडून दुहेरी केलं आणि पोरीला त्यात गुंडाळलं. पांघरूण गळ्यापासून घोट्यापर्यंत आलं, खोचायला काही उरलं नाही.

"बरोबर बसलं की, आई," सूनबाई म्हणाली.

"खोटं कशाला बोलतेस?" मास्तरीणबाई म्हणाल्या, आणि सुनेच्या डोक्यावरून हात फिरवला.

गाडी आली. बॅगा चढल्या. सूनबाई मागं बसली, ठकी तिच्या मांडीवर. मास्तर उघड्या दाराशी वाकले. ठकीनं लाथ झाडली आणि एक पाय बाहेर आला, गुबगुबीत, उघडा. मास्तरांनी तो आत घातला, कड खाली ओढली. पाय पुन्हा बाहेर. त्यांनी पुन्हा आत घातला. ठकीला हा खेळ वाटला असावा. ती खिदळली आणि पुन्हा लाथ झाडली.

मग मास्तरांनी कड ओढायचं सोडलं आणि तो पाय तसाच मुठीत धरला. तेवढा त्यांच्या मुठीत पुरता मावत होता. गाडीवाल्यानं हॉर्न वाजवला. "बाबा, उशीर होईल," सूनबाई हळूच म्हणाली. मास्तर मान हलवत होते, हो, हो म्हणत होते, आणि मूठ उघडत नव्हती.