मुका कॅमेरा आणि गोलकीपर मीरासाब

मी सयाजीचा कॅमेरा बोलतोय. चावी दिली की माझ्यातली फिल्म फिरते आणि समोरचं माणूस माझ्यात उतरतं. पण नुसतं चित्र. आवाज पकडायची सोय माझ्यात नाही.

सयाजीनं मला कोल्हापुरातल्या एका जुन्या फोटो स्टुडिओतून आणलं. आधी लग्नं केली, बारशी केली. मग १९७४ साली त्याच्या पेठेतलं हॉकीचं मैदान दुकानगाळ्यांसाठी जाणार असं ठरलं. सयाजीचे वडील गणपतराव तिथंच खेळून मोठे झालेले. ते आता नव्हते. "आण्णांचं काय ऱ्हायलं न्हाय, बाकीची तरी माणसं ऱ्हाऊ देत," म्हणून तो मला घेऊन जुन्या खेळाडूंच्या दारोदार फिरू लागला.

कुणी माळ्यावरची स्टिक काढून दाखवली, कुणी गुडघ्यावरची खूण. गोलकीपर मीरासाब मात्र मैदानावरच चला म्हणाले. जन्मभर गाद्यांचा कापूस पिंजून छातीत धूळ भरलेली, चालताना धाप लागायची. तरी दोन खांबांच्या मधे ताठ उभे राहिले. अख्खा गोल दिसावा म्हणून सयाजी मला घेऊन बराच मागं सरला.

"चाचा, आवाज येत न्हाय ह्यात. नुसतं हुबं ऱ्हावा," तो ओरडून म्हणाला.

मीरासाबनी हात हलवला आणि बोलायला लागले. माझी चावी संपली, तरी बोलतच होते.

त्याच वर्षी हिवाळ्यात ते गेले.

पुढं सयाजीनं गल्लीत चादर बांधून ते रीळ दाखवलं. मीरासाबची बायको चाँदबी अगदी पुढं बसली होती म्हणे. चादरीवर मीरासाबचे ओठ हलू लागले.

"काय म्हणतोय म्हातारा?" मागून कुणीतरी विचारलं. सयाजीलाही सांगता येईना.

तेवढ्यात चाँदबी त्या ओठांबरोबर बोलू लागली. "मिरजेच्या फायनलला शेवटचा गोल माझ्या पायातनं गेला. मी मान खाली घातली. तर गणपतरावनं मला खांद्यावर उचललं. म्हटलं, गड्या, हरलोय की आपण. तर म्हणतोय, म्हणून तर उचललाय."

सयाजीनं प्रोजेक्टरमागनं विचारलं,

"चाची, तुम्हाला कसं कळलं?"

"जल्मभर घरात हेच ऐकलंय की, बाळा."

आता मैदानावर गाळे उभे आहेत. चाँदबी कोडोलीला लेकीकडं, नजीराकडं राहते. माझी स्प्रिंग सैल झाली, मी कपाटात पडून असतो. सयाजी कधीमधी ते रीळ लावतो. ओठ हलतात, खोलीत कुणी बोलत नाही.

सगळे खेळाडू मी जपले. चाँदबी तेवढी राहून गेली. त्या संध्याकाळी मी पेटीत बंद होतो, मला तिचा आवाज तेवढा ऐकू आला.

सयाजी, एखादी चावी मी अजून सोसेन. तिचंही वय झालंय. उद्या सकाळच्या कोडोलीच्या एसटीत मला मांडीवर घेऊन बस.