राजाची चड्डी आणि मागचा दिवा

मी एक जुना पडदा आहे. मित्रांनो, मला रंगमंच आणि विंग दोन्हीकडचे दिसत आले आहे. त्यामुळे मोठमोठ्या भाषणांविषयी माझ्या मनात फारसा आदर उरलेला नाही.

मला एका पाट्या रंगवणाऱ्या पेंटरने घडवले. एका प्रायोगिक नाटकमंडळीला राजवाडा हवा होता. पेंटरने राजवाडा काढला, आणि सज्ज्यातल्या दोरीवर राजाची पट्टेरी चड्डी वाळत घातली.

"राजा काय ओली चड्डी घालून दरबारात बसतो?" त्याने विचारले.

दिग्दर्शक खूश झाले. "कलावंताने कुणापुढे मान तुकवू नये," असे ते उठता-बसता म्हणत, म्हणून मी त्यांचे नाव बंडखोरसाहेब ठेवले होते. प्रयोगात लोक चड्डी पाहून हसत आणि साहेब विंगेत मिशीवर ताव देत.

मग नाट्यगृहाच्या मालकांच्या कानावर कुणीतरी घातले, की हा राजा म्हणजे तुम्हीच. त्यांनी नुसती चौकशी केली, तर बंडखोरसाहेबांची पाचावर धारण बसली.

"ती चड्डी पुसून टाका," ते पेंटरला म्हणाले. "नाहीतर दुसरा पेंटर बोलावतो. तो अख्खा पडदा नव्याने रंगवेल."

पेंटर बराच वेळ ब्रश धूत राहिला. जन्मभर त्याने लोक सांगतील तेच रंगवले होते. आपल्या मनाने काढलेली अशी ही एकच गोष्ट होती.

"पुसत नाही, झाकतो," तो म्हणाला.

"तेच ते."

तेच ते म्हणे! शब्दांवर पोट भरणाऱ्या माणसाला दोन शब्दांतला फरक कळू नये, याची मला कीव आली. चड्डीचा रंग चांगला जाड होता. पेंटरने त्यावर राजवाड्याच्या रंगाचा पातळसा हात फिरवला.

पुढच्या प्रयोगाला मालक पहिल्या रांगेत होते. सूर्योदयासाठी माझ्यामागे दिवा लागला, जाड रंगातून उजेड आरपार येईना, आणि राजवाड्यावर चड्डीची काळीभोर सावली उमटली. प्रेक्षक हसून लोळले. पेंटर विंगेत हाताची घडी घालून उभा होता. त्याला इतका ताठ उभा मी तेवढाच एकदा पाहिला. बंडखोरसाहेब मात्र मेकअपच्या खोलीत कडी लावून बसले होते. आठवड्याने वर्तमानपत्रात कौतुक छापून आले, तेव्हा ती कल्पना त्यांची झाली.

आज मी एका संग्रहालयात काचेच्या चौकटीत, भिंतीला चिकटून आहे. खालच्या पाटीवर साहेबांचे नाव आहे. समोरून नुसता कोरा सज्जा दिसतो, आणि लोक "वा" म्हणून पुढे जातात.

मित्रांनो, मला जपा, असे मी म्हणणार नाही. जपण्याचे नाटक इथे रोज चालते. तुम्ही आलात, तर मला भिंतीपासून हातभर पुढे घ्यायला सांगा, आणि मागे एक दिवा लावा.