कानामागचा डाग

नवरा माणसांचे केस कापायचा, बायको कुत्र्यांचे. तिची गिऱ्हाइकं चावायची, याची डोकं खायची, एवढाच काय तो फरक.

कुत्र्याच्या अंगावर गोचीड दिसली की ती बोटांनी उपटून अंगठ्याच्या नखावर चिरडायची. हातमोज्यांचं नाव काढलं की म्हणायची, "त्यांनी पकड बसत नाही. तू कापतोस का मोजे घालून?"

मग ती तापाने पडली. डोकं ठणकत होतं, अंग मोडून आलं होतं. डॉक्टरीणबाईंनी साथीचा ताप म्हणून गोळ्या दिल्या, पण ताप हटेना. ती हाकेला ओ देईनाशी झाली, तेव्हा नवरा दुकान बंद ठेवून तिच्या उशाशी बसला.

कपाळावरची ओल्या फडक्याची घडी बदलताना त्याची नजर तिच्या कानामागच्या काळ्या डागावर गेली. डाग त्याने आधीही पाहिला होता. सुट्टीच्या दिवशी त्यानेच तिचे केस रंगवले होते. तेव्हाच रंग ओघळला असणार. एवढा मुरलेला कारागीर आणि घरच्याच गिऱ्हाइकाचा कान काळा करतो! ती चिडवेल म्हणून तो गप्प बसला होता.

आता निदान पुसावा म्हणून त्याने तेलाचा बोळा फिरवला. डाग निघेना. ती कण्हली. त्याने दिवा जवळ धरला. तो रंग नव्हताच. ती करपल्यासारखी खपली होती, भोवती लालसर. मनगटांवरही बारीक पुरळ होतं.

तिला गाडीत घालून त्याने दवाखाना गाठला.

"काम काय करतात या?" डॉक्टरीणबाईंनी खपली बघत विचारलं.

"कुत्री धुते, भादरते. गोचिडी काढते."

"हे मी आधीच विचारायला हवं होतं. गोचिडीच्या चाव्यातून जंतू अंगात गेलेत. तपासणीला रक्त पाठवू, पण औषध आत्ताच सुरू करते."

"वाचेल ना?"

"आणखी उशीर केला नाहीत, हे बरं केलंत."

ताप उतरला. चहा पांचट झालाय म्हणून तिने कुरकुर केली, तेव्हा तो न्हाणीघरात जाऊन पोटभर रडला.

आता ती निमूटपणे हातमोजे घालते, गोचीड चिमट्याने कातडीलगत धरून सरळ ओढते आणि चिरडत नाही. कामावरून आली की अंघोळ करून त्याच्यापुढे बसते. तो कंगव्याने तिचं डोकं तपासतो.

एका संध्याकाळी त्याने रंगाची वाटी काढली. तिने त्याचा हात धरला.

"राहू देत पांढरे. काळं दिसलं की रंग समजून गप्प बसशील पुन्हा."

त्याने वाटी ठेवून दिली आणि तिच्या कानामागचे केस उचलले.