'अजून ठरलं नाही'समोरचा चौकोन

मी एक चौकोन बोलतोय. निवडणुकीआधी जनमत चाचणीचे कागद घेऊन माणसं दारोदार फिरतात ना, त्या कागदावरचा सगळ्यात खालचा. माझ्या वर दोन उमेदवार: बांधकामवाले आणि मास्तर. माझ्यासमोर छापलंय, 'अजून ठरलं नाही'. मला वाटायचं, आपल्याला कोण विचारतंय!

पण एका मावशींनी विचारलं. गल्लीतला दवाखाना बंद होणार अशी कुणकुण होती आणि मावशींच्या नवऱ्याच्या, काकांच्या पायाच्या जखमेला तिथेच पट्टी बांधली जायची.

"दोघंही म्हणतात दवाखाना ठेवू," मावशी म्हणाल्या. "खरं कोण बोलतंय ते बघते, मग ठरवते."

पाहणीवाल्याने माझ्यात खूण केली. केवढा फुगलो मी! तेवढ्यात कागदावर चहा सांडला. त्याने दुसरा कागद भरून नेला, डागाळलेला मावशींनी औषधांच्या खणात अंथरला. म्हणून मी मावशींच्या घरातही आहे आणि पाहणीवाल्यांच्या कचेरीतही पोचलो.

कचेरीत मोजणी झाली. शंभरात छत्तीस बांधकामवाल्यांचे, तीस मास्तरांचे, चौतीस माझे.

तिथल्या साहेबांचं तोंड वाकडं झालं. "याची काय डोंबलाची बातमी होणार? ठरलं नाहीवाले काढा, उरलेल्यांनाच शंभर धरा."

झालं! पंचावन्न विरुद्ध पंचेचाळीस. सहाचा फरक दहाचा झाला. 'बांधकामवाल्यांची एकतर्फी आघाडी' असं ठळक छापून आलं. किती जणांना विचारलं, कुणाला वगळलं, पाहणीचा खर्च कुणी केला, अवाक्षर नाही. माझी चौतीस माणसं जिवंतपणी गायब झाली.

मतदानाच्या दिवशी मावशींचं ठरलं होतं. मास्तरच. त्या चप्पल घालत होत्या.

"उन्हातान्हात कशाला तडफडतेस?" काका म्हणाले. "मास्तर पडल्यात जमा आहेत. पेपरात आलंय."

मावशींनी पाय चपलेतून काढले. मग चप्पल कोपऱ्यात गेली. मी खणात तळमळत होतो, पण कागदाचा आवाज तो केवढा? मास्तर अगदी थोडक्यात पडले. दवाखान्याला कुलूप लागलं. आता पट्टी काढायला मावशी खण उघडतात तेव्हा त्यांचा हात मला लागतो. मला मेल्याहून मेल्यासारखं होतं.

आकडा दिसला की एकदा तरी विचारा हो, न ठरलेले कुठे गेले? कुणी विचारेल असं मला आता वाटत नाही.

परवा तोच पाहणीवाला पुढच्या निवडणुकीचा नवा कागद घेऊन आला. मी पुन्हा कोरा, पुन्हा आशेवर.

"कोण येणार म्हणतात?" मावशींनी विचारलं. "त्यांच्यावर करा खूण."

"विचार करून सांगता का?"

"मागच्या वेळी केला होता," मावशी म्हणाल्या आणि काकांच्या जखमेसाठी पाणी तापवायला आत गेल्या.