दोरीचं दुसरं टोक

न्हाव्याचा कोणावर म्हणून विश्वास उरला नव्हता, आणि का उरावा? सख्ख्या मेव्हण्यानं त्याला घराबाहेर काढलं, तेही ऐन नाताळच्या तोंडावर! आता तो बंद पडलेल्या तिकीटघराच्या ओट्यावर झोपायचा. जवळ एक पिशवी, तीत कात्र्या, मशीन आणि वस्तरा. चौकातल्या सलूनवाल्यानं बजावलं होतं, "सुट्टी संपली की ये कामावर. पण हत्यारं तुझी." म्हणजे पिशवी गेली की सगळाच बट्ट्याबोळ. म्हणून दोरीचं एक टोक पिशवीला आणि दुसरं स्वतःच्या घोट्याला बांधूनच तो आडवा व्हायचा.

त्यात ही बाई आली. अख्खा ओटा मोकळा असताना गाठोडं घेऊन नेमकी त्याच्या शेजारी टेकली.

"झोपत का नाही हो तुम्ही?" त्यानं खवचटपणे विचारलं.

"गाठोड्याकडे कोण बघणार?" असं म्हणून ती बघत राहिली त्याच्या पिशवीकडे.

हिचं लक्षण काही धड दिसत नाही, न्हावी मनात म्हणाला. त्यानं आणखी एक गाठ मारली आणि एक डोळा उघडा ठेवायचं ठरवलं. पण दिवसभराचा शिणलेला जीव, कसला डोळा नि कसलं काय!

नाताळच्या सकाळी चर्चच्या घंटेनं जाग आली. घोट्याला दोरी नाही! पिशवी बाईच्या मांडीजवळ आणि दोरी तिच्या मनगटाला.

"चोरटे! वाटलंच होतं मला!"

"ओरडू नका. पहाटे एक जण गाठ सोडून पिशवी ओढत होता. मी बोंब मारली तसा पळाला. तुम्ही आपले ढाराढूर! मग बांधली माझ्याच हाताला."

त्यानं पिशवी उपडी केली. सगळं जागच्या जागी होतं. तरी मनातली पाल चुकचुकतच होती.

"याच्या बदल्यात तुम्हाला काय पाहिजे?"

"झोप," ती म्हणाली आणि रडायलाच लागली. "घर सुटल्यापासून डोळ्याला डोळा नाही हो."

न्हाव्याला स्वतःची लाज वाटली. त्यानं दोरीचं पिशवीकडचं टोक सोडून आपल्या मनगटाला बांधलं; दुसरं तिच्या मनगटाला होतंच. पिशवी आणि गाठोडं दोघांच्या मधे ठेवलं.

"झोपा आता."

"आणि पळालात तर?"

"ओढून बघा की."

तिनं खरंच ओढून बघितलं. जरा वेळानं परत.

"आहे हो," तो म्हणाला.

मग दोरी सैल पडली, बाई घोरायला लागली. न्हाव्याला तोंड धुवायला नळावर जायचं होतं. पण उठलं तर दोरी ओढली गेली असती, म्हणून तो बसूनच राहिला.