बर्टलचा सदरा

"गप धू, म्हातारे! बघत काय बसलीस?" शाळेच्या दारातला चेक पहारेकरी खेकसला. "तुम्ही जर्मनांनी नेलेल्या आमच्या माणसांचे तर कपडेसुद्धा परत आले नव्हते."

पिढ्यान्‌पिढ्या या चेक मुलखात राहिलेले, पण महायुद्ध हरलेले जर्मन आम्ही; ओळखू यावं म्हणून दंडाला पांढरी पट्टी. पुढ्यात पुरुषांच्या कपड्यांचा ढीग पडला होता. धुऊन, वाळवून तो आमच्या घरांत नव्याने राहायला येणाऱ्यांना वाटायचा होता. पुरुषांना खाणीवर कामाला नेलंय, असं आम्हाला सांगितलं होतं. पण मी या गावची परटीण. कुठला सदरा कुठल्या घरचा, हे मला कुणी सांगावं लागत नाही. निळ्या रेघांचा हा शेजारच्या बर्टलचा. पाठीवर गोळ्यांची भोकं होती आणि भोवती रक्त वाळलं होतं.

रडू काही आलं नाही. हात आपले चालू लागले. गार पाणी, मीठ, मग साबण. रक्ताला गरम पाणी दाखवायचं नसतं.

दुसऱ्या दिवशी आम्हाला हद्दीपार जर्मनीत नेऊन सोडणारी शेवटची गाडी होती. बर्टलची बायको हर्मिनी दोन पोरींना घेऊन घरात अडून बसली होती.

"तो येईल आणि दाराला कुलूप बघेल. मी नाही जायची."

गाडी चुकवून लपलेल्या बाईचं वरच्या आळीत काय झालं, हे तिलाही माहीत होतं. तरी ढिम्म!

सदरा मी पोटाशी लपवून घरी आणला. भोकं रफू केली, कडक इस्त्री फिरवली. तिला रक्त दिसू नये, एवढंच मनात होतं. सकाळी जाऊन तो तिच्या मांडीवर ठेवला.

"ऊठ गं बाई. पोरींना बूट घाल."

तिनं पाठीवरच्या रफूवरून बोट फिरवलं. एकेका टाक्यावर थांबली. मग सदरा नाकाशी धरला.

"लोनीकाकू," ती म्हणाली, "किती स्वच्छ धुतलात हो. त्याचा वाससुद्धा ठेवला नाहीत."

मला मेलीला हे सुचलंच नव्हतं.

ती उठली आणि पोरींचे बूट शोधू लागली. मी हळूच माझे हात हुंगून पाहिले. तिथेही नुसता साबण.