माहेर अक्कोळ

उद्या सकाळी कडोलीच्या साहित्य संमेलनात सुविधाला वीस मिनिटं मिळाली होती, आणि मनुबाईचा आवाज सापडत नव्हता.

पाच वर्षांचे रविवार तिनं निपाणीच्या तंबाखू वखारींत घालवले होते. बायांच्या ओव्या फोनवर टिपायच्या, खासबागच्या घरी येऊन कॉम्प्युटरवर उतरवायच्या. चारशे बारा ओव्या. फोल्डरांची नावं मात्र ‘१४ मार्च’, ‘नवीन फोल्डर’, ‘नवीन फोल्डर २’, ‘शेवटचं’, ‘खरंच शेवटचं’. त्या बायांतलीच मनुबाई श्रावणात वारली. जाण्याआधी एवढंच म्हणाली होती, “माझं गाणं एकदा चार माणसांत वाजीव, बाई.”

सुविधाची आत्ती सुलाबाई, मनुबाईच्या मांडीला मांडी लावून चाळीस वर्षं तंबाखू निवडलेली. चहाची बशी फुंकत म्हणाली, “बँकेत साहेबीण झालीस, आन् घरात एक बाई गावंना व्हय गं?”

“तारखेनं लावलंय आत्ती. तारीखच आठवंना.”

“तारखेनं बाई कोण वळखतंय? वखारीत चार मनुबाया होत्या. माहेरावरनं हाक मारायचो आमी. ए जत्राटची, ए बोरगावची! सासर काय, समद्यांचं निपाणीच.”

सुविधानं सगळं नव्यानं मांडलं. आधी माहेर, त्यात बाईचं नाव, त्यात ओवीचे पहिले दोन शब्द. एकेक आवाज लावायचा. ओवी सुरू व्हायच्या आत, नुसत्या खाकरण्यावर आत्ती गाव सांगायची. “जत्राट.” “बोरगाव.” “ही कन्नडात हसतीया, संकेश्वरची.” पडद्यावर गावं उगवत गेली, वाफ्यात तंबाखूची रोपं उगवावीत तशी.

‘नवीन फोल्डर २’ मधल्या एका खोकल्याशी आत्तीची बशी थांबली.

“अक्कोळ,” ती हळूच म्हणाली. “आमची मनू.”

दुसऱ्या दिवशी भरल्या मंडपात सुविधानं वाचलं, “मनुबाई. माहेर अक्कोळ.” आणि आवाज सुटला:

*पानं खुडता खुडता, हात माझे झाले काळे*
*लेकीच्या पाटीवरी, पांढरं अक्षर उजळे*

मागनं एक म्हातारा पटका सावरत उठला. “आमच्या गावची हाय ती! आमची लेक हाय!”

मंडपभर टाळ्या उठल्या. आत्ती पदर नीट करून ताठ बसली. शेजारची बाई वाकून म्हणाली, “लई बेस! पटकन गावलं की. कॉम्प्युटरात कुणी लावलंय हे?”

“मी,” आत्ती म्हणाली. “पोरीनं नुसतं टाइप केलं.”